दैवताच्या हातचे शस्त्र : शस्त्रदानाच्या स्वप्नांविषयी प्रास्ताविक

भारतीय युद्धाच्या तेराव्या दिवशी अभिमन्यू पडला. दुसऱ्या दिवशीच्या सूर्यास्तापूर्वी जयद्रथाला मारीन, ते न साधले तर अग्निप्रवेश करीन, अशी प्रतिज्ञा अर्जुनाने सर्वांसमक्ष केली. आणि त्याच रात्री, प्रतिज्ञेचा आवेश ओसरून तिचे ओझे तेवढे उरले असता, पुत्रशोकाने आणि चिंतेने शिणलेल्या त्या वीराचा डोळा लागला. द्रोणपर्वात या निद्रेतील स्वप्न सविस्तर वर्णिले आहे. कृष्ण स्वप्नात येतो आणि अर्जुन, झोपेतही शिष्टाचार न विसरता, उठून त्याला आसन देतो. खेदाचे कारण कृष्णाने विचारताच अर्जुन जे बोलतो त्यात वीराची आत्मप्रौढी औषधालाही सापडत नाही: सारे कौरव जयद्रथाला पाठीशी घालतील, त्याच्यापर्यंत पोहोचणे दुर्घट होईल, आणि हल्ली सूर्य फार लवकर मावळतो. प्रतिज्ञा करणाऱ्याच्या मनात त्या रात्री काय चालले होते हे या शेवटच्या बारीकशा तक्रारीइतके दुसऱ्या कशानेही उघड होत नाही. पुढे कृष्ण त्याला हाताशी धरून आकाशमार्गाने शंकराकडे नेतो. संध्याकाळी कृष्णाला अर्पण केलेला उपहार शंकरापाशी ठेवलेला अर्जुनाला दिसतो. दोघे एका दिव्य सरोवराकडे जातात, तेथे दोन भयंकर नाग दिसतात, आणि शतरुद्रियाचा पाठ होताच त्यांचे धनुष्य व बाण होतात. ते शंकरापुढे आणल्यावर त्याच्या कुशीतून एक ब्रह्मचारी प्रकट होतो, पवित्रा घेतो, प्रत्यंचा ओढून दाखवितो. अर्जुन त्याची मूठ, त्याची पावले, शंकराच्या मुखातील मंत्र हे सारे टिपून घेतो. आणि मग तो ब्रह्मचारी धनुष्यबाण पुन्हा त्याच सरोवरात फेकून देतो. यानंतर शंकर प्रसन्न होऊन पाशुपत अस्त्र देतो.

आता यातील नवल असे की पाशुपत अर्जुनापाशी आधीच होते. वनपर्वात किरातरूपी शंकराशी झुंज घेऊन त्याने ते मिळविले होते आणि त्याचा विधीही तो शिकला होता. मग जे भात्यात आहे तेच स्वप्नात दुसऱ्यांदा कशासाठी द्यावयाचे? ग्रंथकाराला पूर्वकथेचा विसर पडला असे म्हणणे सोपे आहे, पण ते टिकत नाही, कारण त्याच स्वप्नात कृष्ण अर्जुनाला पाशुपताचे स्मरण देतो. माझ्या मते या पुनरुक्तीतच अशा स्वप्नांचे सारे मर्म साठविलेले आहे. दैवताकडून शस्त्र मिळाल्याचे स्वप्न ज्याला पडते त्याच्याजवळ शस्त्र बहुधा असतेच. त्याच्याजवळ त्या रात्री नसते ते म्हणजे शस्त्र चालविण्याचे मन, आणि चालविल्यास आपण अपराधी ठरणार नाही अशी खात्री. स्वप्नातील शस्त्र ही वस्तू नसून सनद आहे: अमुक काम अमुक इसमाने करावे, त्यास वरून मंजुरी आहे, असा तिचा आशय असतो, आणि सनद म्हटली की ती कोणी दिली, कोणास दिली, कोणत्या कामापुरती दिली आणि काम झाल्यावर ती कोठे जमा झाली, हे सर्व तपासावे लागते. प्रस्तुत संग्रहात निरनिराळ्या देशांतील आणि काळांतील अशी स्वप्ने एकत्र केली आहेत ती याच तपासणीसाठी.

स्वप्नफलाच्या प्रचलित पुस्तकांत हा मार्ग दिसत नाही. तेथे कोश असतो: खड्ग दिसल्यास जय, धनुष्य दिसल्यास अमुक, त्रिशूळ दिसल्यास तमुक. आपली परंपरा याहून पुष्कळ सूक्ष्म होती. चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार सांगितले आहेत: दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक आणि दोषज, आणि पैकी पहिली पाच निष्फळ म्हणून वैद्याने बाजूला सारावीत, दिवसा पडलेली, अतिदीर्घ किंवा अतिऱ्हस्व स्वप्नेही सोडून द्यावीत, असा निर्णय तेथे दिला आहे. या कसोटीस लावले तर अर्जुनाचे स्वप्न सरळ प्रार्थित ठरते. ज्याची आस लागली होती तेच दिसले, म्हणून त्याचे फळ नाही. वैद्याच्या दृष्टीने हे योग्यच आहे, कारण रोग्याचे पुढे काय होणार हा त्याचा प्रश्न. परंतु ज्याला स्वप्न पडले तो माणूस कोण आणि त्याची आस कसली, हा ज्याचा प्रश्न आहे त्याला चरकाने टाकून दिलेल्या ढिगातच शोधावे लागते. दुसऱ्या शतकातील ग्रीक स्वप्नज्ञ आर्टेमिडोरस याने तर स्वप्न सांगणाऱ्याचा व्यवसाय, कुल, सांपत्तिक स्थिती, वय आणि प्रकृती विचारल्यावाचून अर्थ सांगूच नये असे बजावले आहे. एकच स्वप्न दोघांना पडले तर अर्थ दोन होतील, ही गोष्ट त्याने गाठीभेटींतून आणि बाजारहाटीतून जमविलेल्या शेकडो स्वप्नांवरून ओळखली होती.

या दृष्टीने इजिप्तमधील कर्नाकच्या देवळाच्या भिंतीवरील लेख पाहावा. इ.स.पू. 1208च्या सुमारास, मेर्नेप्ताह राजाच्या पाचव्या वर्षी, लिबियाचा सरदार मेर्येय समुद्रावरून आलेल्या टोळ्यांना हाताशी धरून पश्चिमेकडून चालून आला. मेर्नेप्ताह हा दुसऱ्या रामसेसचा तेरावा मुलगा. वडील भाऊ एकामागून एक निवर्तल्यावर उतारवयात गादीवर बसलेला. वडिलांच्या पराक्रमाचे खोदकाम ज्या देवळातून जागोजागी झालेले, त्याच देवळात या वृद्ध पुत्राने आपले स्वप्न कोरविले: प्ताह देवाची प्रचंड मूर्ती पुढे उभी राहिली, तिने वक्र खड्ग पुढे केले, हे घे म्हणाली, आणि मनातील भीती टाकून दे म्हणाली. राजांच्या शिलालेखांत राजाला भीती वाटल्याचा उल्लेख सहसा नसतो, तो शत्रूच्या वाट्याला येतो. येथे मात्र देवाच्या तोंडून का होईना, ती राजाच्या मनात होती ही कबुली पाषाणावर आली आहे. प्ताह हा मेंफिसचा, कारागिरांचा आणि घडविणाऱ्यांचा देव. खड्ग त्याच्याकडून यावे यालाही अर्थ असावा, पण त्याची चर्चा पुढे केली आहे.

याच्या नेमके उलट उदाहरण असुरियाचे आहे आणि ते मुद्दाम संग्रहात ठेवले आहे. इ.स.पू. 653 मध्ये एलामचा राजा तेउम्मान याच्याशी युद्ध उभे राहिले असता अशुरबानिपाल अर्बेलाच्या इश्तारपुढे रडला, आणि त्या रात्री एका द्रष्ट्याला स्वप्न पडले की देवी दोन्ही खांद्यांवर भाते लटकावून, हातात धनुष्य आणि उपसलेली तलवार घेऊन आली व राजाला म्हणाली, तू येथेच राहा, खा, पी, उत्सव कर. लढावयास मी जाते. शस्त्र येथे देवीच्या हातून सुटतच नाही. स्वप्नही राजाला पडत नाही. जबाबदारी, श्रेय आणि रक्त ही तिन्ही देवीकडेच राहतात. शस्त्र देणारे दैवत माणसावर केवढा भार टाकते, हे या न देणाऱ्या देवीकडे पाहून कळते.

ज्यू सेनानी यहूदा मक्काबी याच्या स्वप्नात हा भार सैन्याला वाटून दिलेला दिसतो. इ.स.पू. 161 मध्ये निकानोरच्या सेनेशी गाठ पडण्यापूर्वी त्याने आपल्या लोकांना स्वप्न सांगितले: दिवंगत प्रमुख याजक ओनियास हात पसरून प्रजेसाठी प्रार्थना करीत आहे, त्याच्या शेजारी शुभ्र केसांचा एक तेजस्वी पुरुष उभा आहे, तो संदेष्टा यिर्मया, आणि यिर्मया उजवा हात पुढे करून सोन्याची तलवार देतो, ही देवाची देणगी म्हणतो. मक्काबींच्या दुसऱ्या ग्रंथाचा कर्ता सांगतो की यहूदाने आपल्या माणसांना ढालीभाल्यांच्या भरवशावर तेवढे सज्ज केले नाही, जेवढे या शब्दांनी केले. सोन्याच्या तलवारीने कोणी लढत नाही. सोने मऊ असते. ती लढण्याची तलवार नव्हेच, हे ऐकणाऱ्या प्रत्येक शिपायाला कळत होते, आणि कळूनही त्यांचा धीर वाढला.

महाराष्ट्रातील वाचकाच्या मनात इतका वेळ जे नाव घोळत असेल त्याकडे आता वळतो. भवानी मातेने शिवाजी महाराजांच्या हाती तलवार दिली, हे चित्र आपल्याकडे घरोघरी आहे. भिंतीवरच्या तसबिरीत आहे, पोवाड्यात आहे, मुलांच्या पुस्तकात आहे. त्या चित्रामागील कागद मात्र थोडी निराळी हकीकत सांगतात आणि ती मला चित्राहूनही थोर वाटते. कृष्णाजी अनंत सभासदाने 1697 मध्ये जिंजीस राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून लिहिलेल्या बखरीत, अफजलखान चालून आला असता तुळजापूरच्या भवानीने महाराजांना दर्शन दिले, आपण प्रसन्न आहोत, खान तुझ्या हाते मारवितो, चिंता करू नको, असे अभय दिले, इतकेच आहे. तलवार देण्याघेण्याची गोष्ट तेथे नाही. कवींद्र परमानंदाच्या संस्कृत शिवभारतात देवी महाराजांच्या स्वतःच्याच खड्गात अधिष्ठान करिते. म्हणजे नवे शस्त्र येत नाही, हातातल्या शस्त्राला देवत्व येते. देवी उभी राहून तलवार हाती देते आहे, हे रूप लोकमानसाने नंतर रंगविले. इतिहासकारांनी या तिन्हींची गल्लत करू नये म्हणून पुष्कळ झटून लिहिले आहे. पाते फिरंगी होते, म्हणजे युरोपात घडलेले, याचाही ऊहापोह झाला आहे. तो वाद येथे चालवावयाचा नाही. स्वप्नार्थाच्या दृष्टीने तिन्ही रूपे खरी आहेत, फक्त ती तीन निराळ्या माणसांची आहेत: पहिले संकटात सापडलेल्या राजाचे, दुसरे त्याच्या कवीचे आणि तिसरे त्याच्या प्रजेचे.

पण सभासदाने स्वप्नानंतरची जी हकीकत दिली आहे ती बारकाईने वाचण्यासारखी आहे. जागे होताच महाराजांनी जिजाबाई मातोश्रींना बोलावून स्वप्नाचे वर्तमान समूळ सांगितले, आणि मग विश्वासू मंडळी जमवून मसलत मांडली. मंडळी कचरली, काम कठीण, सिद्धीस न गेले तर कसे, असे म्हणाली. महाराजांनी त्यांना दरडावले नाही. देवी प्रसन्न आहे एवढ्यावर त्यांची तोंडे बंद केली नाहीत. त्यांनी उलट निरवानिरव केली: जय झाला तर मी आहेच, न जाणो युद्धात प्राण गेला तर संभाजीराजांना राज्य देऊन त्यांच्या आज्ञेत राहावे. पुढे 10 नोव्हेंबर 1659 रोजी प्रतापगडाच्या पायथ्याशी खानाच्या भेटीस जाताना अंगात चिलखत घातले, बिचवा आणि वाघनख लपविले. ज्याला दैवताने जयाचे अभिवचन दिले आहे त्याने मृत्युपत्रासारखी व्यवस्था करावी आणि चिलखताच्या कड्या तपासून घ्याव्यात, यात मला अश्रद्धेचा लेशही दिसत नाही. सनद मिळाली म्हणून कामाची तजवीज कोणी सोडून देत नाही. स्वप्न प्रथम आईला सांगितले हेही लक्षात घ्यावे: जी खोटी प्रौढी ओळखील, आणि पराभव झाला तर जिचे सर्वाधिक जाईल, तिच्यापुढे त्याची रुजुवात झाली.

अशी रुजुवात जेथे झाली नाही त्याचे उदाहरण रोमचे आहे, आणि या संग्रहातील सर्वांत भयंकर स्वप्न तेच आहे. इ.स.पू. 88 मध्ये सेनापतिपद आपल्याकडून काढून घेतले जाते असे दिसताच सुल्ला सहा पलटणी घेऊन स्वतःच्याच नगरावर चालून निघाला. वाटेत त्याला स्वप्न पडले, असे चरित्रकार प्लूटार्क लिहितो: कॅपाडोशियाकडून रोमकरांनी घेतलेली एक देवी (ती बेलोना म्हणावी, मिनर्व्हा म्हणावी की आणखी कोणी, याविषयी तो स्वतःच निश्चित नाही) शेजारी उभी राहिली, तिने त्याच्या हाती वज्र ठेवले, आणि शत्रूंची नावे एकेक करून घेत, मार, असे सांगितले, तो मारीत गेला आणि ते पडून नाहीसे होत गेले. सकाळी त्याने हे आपल्या सहकाऱ्याला सांगितले आणि रोमची वाट धरली. अर्जुनाच्या स्वप्नात शंकर पवित्रा शिकवितो, मूठ दाखवितो, मंत्र देतो. जयद्रथाचे नाव तो सुचवीत नाही, ते अर्जुनाने जागेपणी आपल्या जबाबदारीवर घेतलेले असते. सुल्लाच्या स्वप्नात शिकविणे काहीच नाही, फक्त नावे आहेत. सहा वर्षांनी, यादवीत सरशी होऊन तो रोमचा सर्वसत्ताधीश झाला तेव्हा त्याने खरोखरीच नावांच्या याद्या लिहवून चव्हाट्यावर लावल्या. पहिल्या यादीत 80 नावे, एक दिवस सोडून 220, पुढे पुन्हा तितकीच. यादीतील माणसाला मारणाऱ्याला बक्षीस आणि आसरा देणाऱ्याला मृत्यू. स्वप्नात दैवताने जे सांगितले त्याहून विश्वासार्ह काही नाही, असा उपदेश याच सुल्लाने आपल्या आठवणींत ल्युकुलस या आपल्या सरदाराला करून ठेवला आहे. ज्या स्वप्नात दैवत शस्त्राबरोबर नावेही पुरविते ते दैवताचे नव्हे, एवढे मी निःशंकपणे म्हणेन. तेथे माणसाचे वैर देवीचा मुखवटा घालून येते आणि आपल्याच फर्मानावर तिचा शिक्का उमटवून घेते.

जपानच्या कोजिकी (712) आणि निहोन शोकी (720) या ग्रंथांतील कथेत स्वप्न एकाला आणि शस्त्र दुसऱ्याला, असा सुंदर प्रकार आहे. पहिला सम्राट म्हणून मानलेला जिम्मू कुमानोच्या रानात सैन्यासह मूर्च्छित पडला असता ताकाकुराजी नावाच्या तेथील माणसाला स्वप्न पडते की ताकेमिकाझुची देव आपली तलवार त्याच्या कोठाराच्या छपरातून खाली सोडणार आहे. सकाळी तलवार तेथे असते. तो ती स्वतःच्या कमरेला न लावता जिम्मूपुढे नेऊन ठेवतो, आणि जिम्मू, बराच वेळ झोपलो म्हणून, जागा होतो. ती तलवार इसोनोकामीच्या देवळात पूजेस लागली अशी परंपरा आहे. हातात आलेले शस्त्र आपले नाही हे ओळखणाऱ्या त्या ताकाकुराजीविषयी ग्रंथकारांनी फार थोडे लिहिले याची मला खंत वाटते.

आधुनिक मानसशास्त्राचा उल्लेख टाळता येणार नाही. फ्रॉइडने 1900 मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात लांब व टोकदार शस्त्रांना पुरुषलिंगाचे प्रतीक ठरविले, आणि तेवढ्यावर अनेकांनी या विषयाचा निकाल लावला. काही स्वप्नांना तो अर्थ लागू पडतही असेल. परंतु त्याने देणाऱ्याचा विचार गळून पडतो, आणि प्रस्तुत स्वप्नांत शस्त्रापेक्षा देणारा मोठा आहे. युंगने या देणाऱ्याला अधिक न्याय दिला.

राजे आणि सेनापती सोडून सामान्य प्रपंची माणसाला असे स्वप्न पडले तर काय समजावे, हा प्रश्न वाचक विचारतीलच. आपल्याकडे खंडेनवमीला तलवारीबरोबर कोयता, विळा, नांगर, वाकस, रंधा, तराजू, लेखणी हे सारे मांडून त्यांवर झेंडूची फुले वाहिली जातात. ज्याचे ज्यावर पोट त्याचे ते शस्त्र, हा अर्थ आपल्या रक्तात मुरलेला आहे. म्हणून खंडोबाने तलवार दिली असे स्वप्न सुताराला पडले तर प्रथम त्याला विचारावे की हातातले कोणते काम अंगावर येऊन अडले आहे, कोणाला काय सांगावयाचे राहून गेले आहे. कोणाशी वैर आहे हे त्याने आपण होऊन सांगितले तर मात्र अर्थ सांगण्याची घाई करू नये. तुकोबांना विठ्ठलासह आलेल्या नामदेवांनी स्वप्नात जे दिले ते अभंगरचनेचे काम होते, नामदेवांचे स्वतःचे पुरे न झालेले. गुरूपदेशही त्यांना स्वप्नातच झाला आणि त्या गुरूंनी भोजनाला पावशेर तूप मागितले. या स्वप्नांत शस्त्र नाही, पण ती याच जातीची आहेत असे समजून मी त्यांना परिशिष्टात स्थान दिले आहे, कारण अंगीकारलेले काम आणि ते करण्याची वाटणारी धास्ती ही दोन्ही तेथे आहेत.

एक गोष्ट वाचकाने सतत ध्यानात ठेवावी. येथे आलेली स्वप्ने जवळजवळ सारी जिंकणाऱ्यांची आहेत, कारण दप्तरे, देवळांच्या भिंती आणि भाट हे जिंकणाऱ्यांच्या पदरी असतात. मेर्येयला कोणत्या देवाने खड्ग दिले होते, तेउम्मान कोणाच्या अभयावर निघाला, निकानोर आदल्या रात्री काय पाहून उठला, हे कोणी लिहून ठेवले नाही; तेव्हा या संग्रहावरून असे स्वप्न पडले म्हणजे जय ठरलेलाच, असा हिशेब कोणी मांडू नये. पराभूताचे एक स्वप्न मात्र प्लूटार्कने जतन केले आहे आणि ते शेवटच्या प्रकरणात दिले आहे. इ.स.पू. 48 मध्ये फार्सालसच्या लढाईच्या आदल्या रात्री पाँपीला असे दिसले की आपण आपल्या नाट्यगृहात शिरत आहो, लोक टाळ्या वाजवीत आहेत, आणि विजयदात्री व्हीनसचे देऊळ आपण लुटीच्या सामग्रीने सजवीत आहो. येथे दैवताकडून काही येत नाही, माणूसच दैवताला देतो आहे. पाँपीला या स्वप्नाने धीर आला आणि त्याच वेळी तो अस्वस्थही झाला, कारण प्रतिपक्षी सीझरचे कुल स्वतःला व्हीनसचे वंशज म्हणवीत होते, आणि ही लुटीची आरास त्याच्याच वैभवाची तर होत नसेल, अशी शंका त्याला आली. दोन्ही अर्थ त्याने नीट ओळखले होते. बरोबरच्या सरदारांनी लढाईचा आग्रह धरला होता, आणि तो लढावयास गेला.